‘शंभर वर्षांचा विचार’ नावाची दंतकथा

२६ मार्च १९८२. बीजिंगमधल्या चिनी परराष्ट्र मंत्रालयात पत्रकार परिषदेसाठी वेगळी खोली नव्हती, कारण तोवर तिथे कुणी पत्रकार परिषद घेतच नसे. म्हणून सत्तर-ऐंशी बातमीदारांना मुख्य इमारतीच्या प्रवेशद्वाराजवळच्या दालनात उभे केले. खुर्च्या नाहीत, ध्वनिक्षेपकांची रांग नाही. त्या घोळक्यापुढे आले माहिती विभागाचे प्रमुख छियान छिचेन, वय ५४. शेजारी दुभाषा म्हणून ली झाओशिंग, जे पुढे स्वतः परराष्ट्रमंत्री झाले. छियान यांनी तीन वाक्यांचे निवेदन वाचले आणि ते निघून गेले. प्रश्न घेतले नाहीत.

दोनच दिवसांपूर्वी सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह यांनी ताश्कंदच्या भाषणात चीनवर टीकाही केली होती आणि त्याच दमात संबंध सुधारायची तयारीही दाखवली होती. छियान यांची तीन वाक्ये अशी: भाषणाची आम्ही नोंद घेतली आहे, चीनवरचे आरोप आम्ही ठामपणे फेटाळतो, सोव्हिएत युनियन प्रत्यक्षात काय करते याला आम्ही महत्त्व देतो. पहिली दोन वाक्ये ठरावीक होती. तिसऱ्यात दार किलकिले केले होते, आणि ज्याला कळायचे त्याला ते कळले. गर्दीतल्या एका सोव्हिएत बातमीदाराने तिथल्या तिथे अंगठा उंचावून ‘छान’ म्हणून दाद दिली, अशी आठवण छियान यांनी नंतर लिहिली आहे. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये दोन्ही देशांची बोलणी सुरू झाली. उपपरराष्ट्रमंत्र्यांच्या पातळीवर १९८८ पर्यंत बारा फेऱ्या झाल्या, आणि त्यातल्या बहुतेक फेऱ्यांत काहीही हाती लागले नाही. सोव्हिएत सैन्य चीनच्या सीमेवरून आणि मंगोलियातून कमी करा, अफगाणिस्तानातून माघारी न्या, व्हिएतनामला कंबोडियातून बाहेर काढा, हेच तीन मुद्दे छियान दर वेळी मांडत आणि समोरचे दर वेळी ते टाळत. मे १९८९ मध्ये गोर्बाचेव्ह बीजिंगच्या विमानतळावर उतरले तेव्हा कुठे ते प्रकरण मिटले.

आता ही हकिकत आपल्याकडे कुणालाही सांगा. उत्तर ठरलेले असते: ‘बघा, चिनी लोक शंभर वर्षांचा विचार करतात.’ वृत्तवाहिन्यांवर निवृत्त सेनाधिकारी हे सांगतात, व्यवस्थापनाच्या वर्गात प्राध्यापक सांगतात, आणि ‘आपल्याला काही हे जमायचे नाही’ असे त्याला शेपूट जोडलेले असते. मला हे म्हणणे चुकीचे वाटते, आणि नुसते चुकीचे नाही तर आपल्याला महागात पडणारे वाटते. विसाव्या शतकाच्या अखेरच्या वीस-पंचवीस वर्षांत चीनच्या ज्या नेत्यांनी आणि राजनैतिक अधिकाऱ्यांनी खरोखर मोठी कामे केली, त्यांची कामगिरी नीट पाहिली तर शंभर वर्षांचा आराखडा कुठेच सापडत नाही. सापडते ती आपली कमजोरी बरोबर ओळखून केलेली, पुढच्या सहा महिन्यांपुरती देवघेव.

या समजुतीचा मुख्य साक्षीदार म्हणून चीनचे तेव्हाचे पंतप्रधान चाऊ एन-लाय यांचे एक उत्तर पुढे केले जाते. फ्रेंच राज्यक्रांतीबद्दल काय वाटते, असे १९७२ मध्ये विचारल्यावर ते म्हणाले, ‘आत्ताच काही सांगणे घाईचे होईल.’ दोनशे वर्षांपूर्वीच्या घटनेवर मत द्यायचीही घाई नाही, केवढा हा संयम! अमेरिकी राष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्या त्या वर्षीच्या चीन दौऱ्यात अमेरिकेच्या बाजूने दुभाषाचे काम करणारे चास फ्रीमन यांनी २०११ मध्ये खुलासा केला, की चाऊ १९६८ सालच्या पॅरिसमधल्या विद्यार्थी आंदोलनाबद्दल बोलत होते. म्हणजे चार वर्षांपूर्वीच्या गोष्टीबद्दल ‘इतक्यात सांगता येत नाही’ म्हणणारा हा एक सावध माणूस होता. खुलासा होऊन इतकी वर्षे झाली, तरी मूळ गोष्ट अजून भाषणांत सर्रास ऐकू येते.

आणि ज्या पिढीबद्दल आपण बोलतो आहोत तिला पुढच्या वर्षी आपण कुठे असू हेही माहीत नव्हते. माओनंतर चीनचे सर्वेसर्वा झालेले डेंग शियाओपिंग १९६९ ते १९७३ जियांगशी प्रांतात होते, तिथल्या ट्रॅक्टर कारखान्यात फिटरचे काम करत. पुढे पंतप्रधान झालेले झू रोंगजी १९५८ मध्ये ‘उजवे’ ठरवले गेले, पक्षातून काढले गेले, आणि सांस्कृतिक क्रांतीत पुन्हा पाच वर्षे श्रमाला पाठवले गेले. परराष्ट्रमंत्री चेन यी यांना त्यांच्याच खात्यातल्या लाल रक्षकांनी, म्हणजे माओंच्या कट्टर समर्थक तरुणांनी, आरोपीसारखे उभे केले. ऑगस्ट १९६७ मध्ये बीजिंगमधले ब्रिटिश कार्यालय जमावाने पेटवले. त्याआधी जूनमध्ये भारतीय वकिलातीतले तरुण अधिकारी के. रघुनाथ यांच्यावर हेरगिरीचा आरोप ठेवून जाहीर खटला भरला आणि विमानतळावर जमावाकरवी त्यांना मारहाण झाली. (हेच रघुनाथ १९९७ मध्ये आपले परराष्ट्र सचिव झाले आणि पोखरणच्या दुसऱ्या चाचणीच्या वेळी त्या पदावर होते.) शतकांचे नियोजन करणारा देश परदेशी वकिलाती जाळत नाही. त्या काळात जवळजवळ सगळे चिनी राजदूत माघारी बोलावले गेले. एकटे हुआंग हुआ कैरोत टिकून राहिले. माओनंतर डेंग यांनी परराष्ट्र खाते नव्याने उभे केले ते अशा मोडतोडीतून वाचलेल्या माणसांना घेऊन. त्यांचा संयम कन्फ्यूशियसकडून आलेला नव्हता. आगीतून बाहेर पडलेल्या माणसाचा तो सावधपणा होता.

याची खरी परीक्षा १९८९ नंतर झाली, आणि माझ्या मते छियान यांचे खरे कसब तिथेच दिसते. ते एप्रिल १९८८ मध्ये परराष्ट्रमंत्री झाले. चौदा महिन्यांत तिआनआनमेन चौकातल्या आंदोलनावर रणगाडे घातले गेले. अमेरिकेने शस्त्रविक्री आणि वरिष्ठ पातळीवरच्या भेटीगाठी थांबवल्या, जुलैत पॅरिसला जमलेल्या सात श्रीमंत देशांनी निषेधाचा ठराव केला, जागतिक बँकेची नवी कर्जे अडली. त्याच वर्षअखेर पूर्व युरोपातली कम्युनिस्ट सरकारे एकामागून एक कोसळली, आणि दोन वर्षांनी खुद्द सोव्हिएत युनियन गेले. ज्याच्याशी समेट करायला सात वर्षे घालवली तो देशच नकाशावर राहिला नाही. दूरदृष्टी म्हणतात ती हीच असेल, तर बोलायलाच नको.

मग त्यांनी काय केले? मिळेल ते दार ठोठावले. १ जुलै १९८९ रोजी, म्हणजे जाहीर बंदी घालून पंधरवडाही झाला नव्हता तेव्हा, राष्ट्राध्यक्ष बुश यांचे राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार ब्रेंट स्कोक्रॉफ्ट एका लष्करी मालवाहू विमानातून गुपचूप बीजिंगला आले. भेट इतकी गुप्त, की चिनी हवाई संरक्षणाला पत्ता नव्हता. हे अनोळखी विमान पाडायचे का, अशी विचारणा थेट राष्ट्राध्यक्ष यांग शांगकुन यांच्यापर्यंत गेली, असे स्कोक्रॉफ्ट यांनी लिहून ठेवले आहे. आंदोलनानंतर अमेरिकी वकिलातीत आश्रय घेतलेले शास्त्रज्ञ फांग लिझी यांना वर्षभराने, जून १९९० मध्ये, देशाबाहेर जाऊ दिले गेले. त्यातही देवघेव होती.

मग ऑगस्ट १९९० मध्ये सद्दाम हुसेनने कुवेत गिळले आणि चीनला आयती संधी मिळाली. कुठल्याही आराखड्यात ती नव्हती. लष्करी कारवाईला परवानगी देणारा ठराव अमेरिकेला सुरक्षा परिषदेतून मंजूर करून घ्यायचा होता, आणि चीनकडे नकाराधिकार होता. छियान नोव्हेंबरमध्ये पश्चिम आशियात फिरले, बगदादला जाऊन सद्दामना भेटले. अमेरिकेला चीनचे होकारार्थी मत हवे होते. छियान यांनी ते दिले नाही, पण नकाराधिकारही वापरला नाही. २९ नोव्हेंबरला ठराव क्रमांक ६७८ बारा विरुद्ध दोन मतांनी संमत झाला. क्युबा आणि येमेन विरोधात, चीन तटस्थ. दुसऱ्या दिवशी छियान व्हाइट हाउसमध्ये बुश यांच्यासमोर बसले होते. वरिष्ठ भेटीगाठींवरची बंदी तिथेच संपली. एका न वापरलेल्या मताची एवढी किंमत वसूल केल्याचे दुसरे उदाहरण मला तरी चटकन आठवत नाही.

बाकीच्या देशांची यादी झपाट्याने वाढली. सौदी अरेबिया, इंडोनेशिया आणि सिंगापूर १९९० मध्ये. व्हिएतनामशी समेट १९९१ मध्ये. इस्रायल आणि दक्षिण कोरिया १९९२ मध्ये. ऑक्टोबर १९९२ मध्ये जपानचे सम्राट अकिहितो चीनला गेले. जपानी सम्राटाने चीनला दिलेली ती पहिलीच भेट. पाश्चात्त्य निर्बंधांच्या फळीत जपान हा सर्वांत कच्चा दुवा आहे हे हेरून आम्ही ही भेट घडवली, असे छियान यांनी पुढे आठवणींत उघडपणे लिहिले, आणि जपानमध्ये त्यावरून मोठी नाराजी झाली. मला हा माणूस आवडतो तो या कबुलीमुळे. मैत्री, संस्कृती, हजारो वर्षांचे नाते वगैरे भाषणांत असतेच. आठवणींत त्याने सरळ सांगितले की भिंतीत कुठे फट आहे ते आम्ही शोधत होतो.

दक्षिण कोरियाशी संबंध जोडायचे तर उत्तर कोरियाला कुणीतरी सांगायला हवे होते. ते काम छियान यांच्याकडे आले. जुलै १९९२ मध्ये ते प्याँगयाँगला गेले. तिथून हेलिकॉप्टरने एका सरोवराकाठच्या निवासस्थानी नेऊन त्यांना उत्तर कोरियाचे सर्वोच्च नेते किम इल-सुंग यांच्यापुढे बसवले. बरोबर भेट म्हणून जेडमध्ये कोरलेले नऊ ड्रॅगन आणि ताज्या लिची नेल्या होत्या. छियान यांनी चिनी पक्षाचे सरचिटणीस जियांग झेमिन यांचा निरोप सांगितला. किम यांनी थोडा विचार केला, आणि आम्ही आमच्या अडचणींवर स्वतःच मात करू, समाजवाद उभारत राहू, अशा आशयाचे दोन शब्द बोलून भेट संपवली. आणलेल्या वस्तूंवर एक नजर टाकली आणि पाहुण्याला निरोप दिला. चिनी शिष्टमंडळाला किम यांनी दिलेली ही आपल्या माहितीतली सर्वांत आखूड भेट, आणि नेहमीची मेजवानीही झाली नाही, असे छियान नोंदवतात. कोरियन युद्धात ज्यांच्यासाठी चीनने लाखो सैनिक धाडले, ज्या युद्धात माओंचा मुलगा मारला गेला, त्या मित्राला दक्षिणेतल्या कारखानदारांच्या पैशासाठी बाजूला सारायचे होते. ते सारले. दीड महिन्याच्या आत, २४ ऑगस्टला, सोलशी करार झाला.

यात कौतुक करण्यासारखे पुष्कळ आहे. पण ते कसले कौतुक हे नेमके समजून घ्यायला हवे. प्रत्येक पाऊल त्या-त्या क्षणीच्या गरजेतून पडलेले आहे, प्रत्येक वेळी काहीतरी सोडून दिलेले आहे. आपण दुबळे आहोत हे मान्य असल्याशिवाय असे वागता येत नाही.

दुसरी गोष्ट आपण सोयीने विसरतो. हे लोक मुनीम होते, पेढीचे मालक नव्हते. २५ मे १९८४ ची घटना घ्या. हाँगकाँगबद्दल ब्रिटनशी बोलणी चालू होती. माजी परराष्ट्रमंत्री हुआंग हुआ आणि माजी संरक्षणमंत्री गेंग बियाओ यांच्या तोंडून असे आले होते की १९९७ नंतर चीन हाँगकाँगमध्ये सैन्य ठेवेलच असे नाही. डेंग यांनी हाँगकाँगच्या वार्ताहरांना थांबवून घेतले आणि कॅमेऱ्यांसमोर या दोघांची नावे घेऊन सांगितले, की ते मूर्खासारखे बरळले. सैन्य ठेवले जाईल. हुआंग हुआ म्हणजे कोण? १९३६ मध्ये एडगर स्नो या अमेरिकी पत्रकारासाठी माओंच्या तळावर दुभाषा झालेला विद्यार्थी, कोरियन युद्धानंतरच्या, १९५३ च्या पानमुनजोमच्या बोलण्यांतला वाटाघाटी करणारा, संयुक्त राष्ट्रांतला कम्युनिस्ट चीनचा पहिला स्थायी प्रतिनिधी, सहा वर्षांचा परराष्ट्रमंत्री. वय ७१. अशा माणसाची एका वाक्यात जाहीर शोभा झाली आणि त्यावर कुणी चकार शब्द काढला नाही.

त्यांचे तरी थोडक्यात निभावले. पक्षाचे सरचिटणीस झाओ झियांग यांनी १६ मे १९८९ रोजी गोर्बाचेव्ह यांना सांगितले, की महत्त्वाच्या बाबतीत अजूनही डेंग यांचाच शब्द अखेरचा असतो. ही गोष्ट खरी होती, पक्षाच्याच एका अप्रकाशित निर्णयात होती. पण उघड सांगणे हा अपराध ठरला. तीन दिवसांनी पहाटे हातात कर्णा घेऊन ते चौकातल्या उपोषणकर्त्या विद्यार्थ्यांसमोर गेले, ‘आम्ही फार उशिरा आलो’ म्हणाले, आणि त्यानंतर जानेवारी २००५ मध्ये मृत्यू येईपर्यंत नजरकैदेत राहिले. हाँगकाँगमध्ये चीनचे सर्वोच्च प्रतिनिधी असलेले शू जियातुन मे १९९० मध्ये अमेरिकेला निघून गेले, ते २०१६ मध्ये तिथेच वारले. आंदोलनाच्या काळात ही घडामोड बीजिंगच्या भारतीय वकिलातीतून जवळून पाहणाऱ्या तरुण अधिकाऱ्यांत आपले विजय गोखले होते, जे पुढे राजदूत आणि परराष्ट्र सचिव झाले. चीनबद्दल ते आज जे लिहितात त्यात भारावलेपण कमी आणि कागद जास्त असतात, याचे कारण कदाचित तिथेच असेल.

आणि चुका? ढळढळीत झाल्या. एप्रिल १९९५ मध्ये न्यूयॉर्कला अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री वॉरन ख्रिस्तोफर यांनी छियान यांना सांगितले होते, की तैवानचे अध्यक्ष ली तेंग-हुई यांना व्हिसा देणे आमच्या धोरणात बसणारे नाही. अमेरिकी संसदेत हवा उलटी होती. व्हिसा द्यावा या बाजूने प्रतिनिधिगृहात ३९६ विरुद्ध ०, सेनेटमध्ये ९७ विरुद्ध १ मते पडली. २२ मे रोजी व्हिसा जाहीर झाला. चीनने चिडून तैवानजवळच्या समुद्रात क्षेपणास्त्रे डागली, आधी त्याच वर्षी जुलैत, मग मार्च १९९६ मध्ये ऐन निवडणुकीच्या तोंडावर. अमेरिकेने दोन विमानवाहू नौकांचे ताफे पाठवले, आणि ली तेंग-हुई ५४ टक्के मते घेऊन निवडून आले. ज्याला पाडायचे त्यालाच मते मिळवून दिली. १९७९ मध्ये व्हिएतनामला ‘धडा शिकवायला’ निघालेले सैन्यही महिनाभरात परत फिरले, आणि व्हिएतनाम कंबोडियात आणखी दहा वर्षे राहिले.

कुणी म्हणेल, जागतिक व्यापार संघटनेचे काय? तिथे तर पंधरा वर्षे चिकाटी दिसते. दिसते खरी. १९८६ मध्ये अर्ज, ११ डिसेंबर २००१ रोजी प्रवेश. पण मधले १९९९ साल पाहा. झू रोंगजी एप्रिलमध्ये वॉशिंग्टनला गेले, शेती, दूरसंचार, विमा अशा क्षेत्रांत भरभक्कम सवलती देऊ केल्या, आणि क्लिंटन ऐन वेळी कचरले. वर अमेरिकेने त्या सवलतींची यादी इंटरनेटवर टाकली. मायदेशी झू यांना देशद्रोही म्हणण्यापर्यंत लोकांची मजल गेली. मेमध्ये नाटोच्या बॉम्बनी बेलग्रेडमधली चिनी वकिलात उडवली, तीन माणसे मेली, बोलणी बंद. नोव्हेंबरमध्ये पुन्हा सुरू झाली तीही मोडण्याच्या बेतात आली, तेव्हा पंतप्रधान स्वतः व्यापार मंत्रालयात जाऊन वाटाघाटीला बसले आणि १५ नोव्हेंबरला करार झाला. याला चिकाटी म्हणा, धाडस म्हणा. आखीव योजना मात्र म्हणता येणार नाही. झू यांनी आपली खुर्ची पणाला लावली होती आणि ते थोडक्यात बचावले.

आता आपल्याकडे वळू. शंभर वर्षांच्या दंतकथेमुळे आपण चीनपुढे दोनच प्रकारे वागतो, एकतर भारावून किंवा धास्तावून. दोन्ही अवस्थांत समोरचा कागद नीट वाचला जात नाही.

फेब्रुवारी १९७९ मध्ये परराष्ट्रमंत्री वाजपेयी चीनमध्ये असतानाच व्हिएतनामवर हल्ला झाला आणि त्यांना दौरा आटोपता घ्यावा लागला. जून १९८० मध्ये डेंग यांनी एका भारतीय पत्रकाराला मुलाखतीत सीमाप्रश्नाचा तोडगा सुचवला: पूर्वेला (अरुणाचलकडे) आम्ही तुमची प्रत्यक्ष स्थिती मान्य करतो, पश्चिमेला (अक्साई चीनकडे) तुम्ही आमची करा. पुढच्या वर्षी जूनमध्ये हुआंग हुआ दिल्लीला आले, डिसेंबरपासून बोलणी सुरू झाली. १९८५ मध्ये चीनने सूर बदलला, मुख्य वाद पूर्वेकडे आहे आणि तवांग सोडावे लागेल असे म्हणू लागला. पुढच्या वर्षी तवांगजवळ सुमदोरोंग चूचा लष्करी पेच उभा राहिला. पाच वर्षांत भूमिका उलटी! शतकाचा आराखडा असता तर ती अशी फिरली नसती. सोव्हिएत धोका मोठा होता तेव्हा भारताशी मिटवण्याची घाई होती. मॉस्कोशी जुळायला लागल्यावर ती ओसरली. डेंग यांचा तो प्रस्ताव आपण तेव्हा घ्यायला हवा होता की नको यावर वाद होऊ शकतो. मी स्वतः ‘नको’च्या बाजूचा आहे. पण प्रस्तावाला मुदत असते आणि ती समोरच्याच्या अडचणीइतकीच असते, हे आपल्याकडे फार थोड्यांना उमगले होते.

डिसेंबर १९८८ मध्ये राजीव गांधी बीजिंगला गेले, डेंग यांनी त्यांचा हात बराच वेळ हातात धरून ठेवला, आणि त्या हस्तांदोलनावर आपल्याकडे किती शाई खर्च झाली! १९९३ चा शांतता करार झाला. मग २९ नोव्हेंबर १९९६ रोजी दिल्लीत दुसरा करार झाला, त्यावर आपल्या बाजूने इंद्रकुमार गुजराल यांची सही आहे आणि चीनच्या बाजूने छियान छिचेन यांची. तैवानच्या सामुद्रधुनीतल्या त्या नामुष्कीला आठ महिने होत होते. पूर्व किनाऱ्यावर दोन अमेरिकी ताफे येऊन गेलेल्या देशाला हिमालयात शांतता हवी असणार, हे सांगायला चाणक्य लागत नाही. दिल्लीहून जियांग झेमिन पाकिस्तानला गेले. तिथे त्यांनी काश्मीर बाजूला ठेवा असा सल्ला दिला म्हणून आपण खूश झालो. त्याच वर्षाच्या सुरुवातीला पाकिस्तानच्या अणुकार्यक्रमाला चीनमधून चुंबकीय कड्या (युरेनियम शुद्ध करणाऱ्या यंत्रांना लागणाऱ्या) विकल्या गेल्याचे उघड झाले होते, ते आपण फारसे मनावर घेतले नाही.

त्या कराराच्या कलम ६ प्रमाणे प्रत्यक्ष ताबारेषेपासून दोन किलोमीटरच्या आत गोळीबार करायचा नाही, स्फोट करायचे नाहीत. १५ जून २०२० च्या रात्री गलवानमध्ये आपले वीस जवान मारले गेले ते दगड आणि खिळे ठोकलेल्या दांड्यांनी, याचा संबंध या कलमाशी लागतो. जवानांनी बंदुका का वापरल्या नाहीत याचे उत्तर देताना परराष्ट्रमंत्र्यांनी १९९६ च्या कराराचाच हवाला दिला होता. सगळी चर्चा कलम ६ वर झाली. कलम १० कुणी उघडले नाही. त्यात म्हटले आहे की या कराराच्या काही तरतुदींची पूर्ण अंमलबजावणी ताबारेषेबद्दल समान समज होण्यावर अवलंबून आहे, म्हणून रेषा स्पष्ट करण्याचे काम लवकर करायचे आणि दोघांनी आपापले नकाशे शक्य तितक्या लवकर एकमेकांना द्यायचे. मधल्या विभागाचे नकाशे २००० मध्ये दिले-घेतले गेले. पश्चिम विभागाचे २००२ मध्ये टेबलावर आले, पण चीनने ती देवाणघेवाण होऊ दिली नाही. तिथे काम थांबले ते थांबलेच. गोळी न झाडण्याचे बंधन लागू राहिले, आणि ज्या रेषेपासून दोन किलोमीटर मोजायचे ती रेषा मात्र कुठे आहे हे ठरलेच नाही. हे चिनी बुद्धीचे अतर्क्य कारस्थान नव्हते. कराराच्याच दहाव्या कलमात ते छापलेले आहे. आपण त्याची आठवण नेटाने करून द्यायला हवी होती, ती दिली नाही.

त्याऐवजी आपल्याला चिनी पाहुण्यांच्या भावस्पर्शी प्रसंगांत रस असतो. सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणीसांबद्दल चिनी लोकांना खराखुरा जिव्हाळा आहे, त्यात शंका नाही. २००६ मध्ये राष्ट्राध्यक्ष हू जिंताओ आणि २०१३ मध्ये पंतप्रधान ली केचियांग मुंबईत कोटणीसांच्या वृद्ध बहिणीला भेटले, त्याची छायाचित्रे आपल्या वर्तमानपत्रांनी मोठी करून छापली. २०१३ ची ती भेट मेच्या तिसऱ्या आठवड्यातली. त्याच महिन्याच्या ५ तारखेपर्यंत चिनी सैन्य लडाखमध्ये देपसांगला तंबू ठोकून बसले होते.

छियान छिचेन यांनी २००३ मध्ये आठवणी प्रसिद्ध केल्या. दहा प्रकरणे आहेत: सोव्हिएत बोलणी, कंबोडिया, आखाती युद्ध, कोरिया, निर्बंध, आफ्रिका, तैवान, हाँगकाँग वगैरे. भारतावर एकही नाही. दिल्लीत ज्या कराराखाली त्यांची सही आहे, त्याला त्यांच्या आयुष्यातल्या दहा मोठ्या गोष्टींत जागा मिळाली नाही. आपण ज्यांना आपल्याविरुद्ध शतकभराचा डाव मांडून बसलेले समजतो, त्यांचे लक्ष बहुतेक वेळ दुसरीकडेच होते. हे पचवायला धास्तीपेक्षाही कठीण आहे.

छियान २०१७ मध्ये वारले. त्यांच्यामागे जे खाते उरले त्यात दहा वर्षे एकाच पदावर टिकणारा, फेरीमागून फेरी शांतपणे करणारा माणूस दिसत नाही. समाजमाध्यमांवर परदेश्यांना डिवचणारे प्रवक्ते मध्यंतरी गाजले. परराष्ट्रमंत्री छिन गांग जुलै २०२३ मध्ये सात महिन्यांत पदावरून गायब झाले आणि कारणही दिले गेले नाही. देश बलाढ्य झाला की देवघेवीची कला गंजते, असे मला वाटते, आणि हे आपल्याही बाबतीत लक्षात ठेवायला हरकत नाही.

तूर्त एक मुद्दा समोर आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये दिल्लीत सीमाप्रश्नावरच्या दोन्ही देशांच्या विशेष प्रतिनिधींच्या चोविसाव्या फेरीत असे ठरले, की सीमानिश्चितीत जिथे लवकर यश मिळू शकते अशा भागांचा विचार करायला तज्ज्ञांचा गट नेमायचा. ऐकायला बरे वाटते. पण सोपे तुकडे आधी उरकले, त्यांचे समारंभ झाले, की पश्चिम विभागाचा अवघड तुकडा आणखी वीस वर्षे तसाच राहणार, आणि मधल्या काळात तिथे कोण किती पुढे सरकेल ते आपण पाहिले आहे. म्हणून भारताने त्या गटाच्या पहिल्याच बैठकीत १९९६ चा कागद ठेवावा, कलम १० वर बोट ठेवावे आणि पश्चिम विभागाचे नकाशे मागावेत. चीन बहुधा २००२ सारखाच नकार देईल. तो नकारही लेखी घ्यावा.